माचू पिचूला चालत जायचंय, पण चार दिवस नाहीत? (छोटा इंका ट्रेल)

डोंगरवेडी

नमस्कार मंडळी,

पेरूच्या धाग्यावर दर दोन पानांनी कुणीतरी विचारतंच, "माचू पिचूला (इंकांचं डोंगरातलं जुनं शहर) चालत जायचंय, पण चार दिवस तंबूत राहणं जमणार नाही, काय करू?" तिथे उत्तर दिलं की ते खाली वाहून जातं, म्हणून हा वेगळा धागा. नवरा आणि मी जूनमध्ये छोटा इंका ट्रेल केला. दोघंही पन्नाशीच्या अलीकडे-पलीकडे, सह्याद्रीत अधूनमधून फिरणारे. जिमशी संबंध नाही.

आधी नकाशा डोक्यात बसवा. कुस्को शहर ३,४०० मीटरवर. तिथून गाडीने दोनेक तासांवर ओलांतायतांबो, साधारण २,८०० मीटर. माचू पिचूच्या पायथ्याचं गाव आग्वास कालिएंतेस, २,०४० मीटर. या गावाला इकडून गाडीरस्ताच नाही, उरुबांबा नदीच्या काठाकाठाने रेल्वे जाते. मोठा, चार दिवसांचा ट्रेल या रेल्वेच्या ८२व्या किलोमीटरला सुरू होतो, ४२-४३ किलोमीटरचा आहे आणि वाटेत ४,२१५ मीटरची खिंड ओलांडतो. छोटा ट्रेल १०४व्या किलोमीटरला. अंतर दहा-बारा किलोमीटर, चढ सहाशे मीटरच्या आसपास, वेळ सहा-सात तास. "दोन दिवसांचा" म्हणतात खरा, पण चाल एकाच दिवसाची. रात्री गावातल्या हॉटेलात झोपायचं आणि दुसऱ्या दिवशी बसने वर जाऊन अवशेष नीट बघायचे.

१०४ला स्टेशन असं नाही. गाडी जेमतेम थांबते, गाइड नावं पुकारतो आणि पाठपिशव्यांसकट सगळे भराभर खाली. मुंबईच्या माणसाला याचं शिक्षण वेगळं द्यावं लागत नाही. रुळांपलीकडे नदीवर पादचारी पूल, पुलापाशी चौकी. तिथे पासपोर्ट आणि परवाना अक्षर न् अक्षर जुळवून बघतात. पाच मिनिटांत चाचाबांबा: झाडीत लपलेले अवशेष, मधोमध एका अखंड खडकातून कोरलेलं पूजास्थान आणि त्याच्या भोवती न्हाणीघरं. बहुतेक गट इथे फोटो काढून सटकतात, कारण पुढचा चढ ऊन चढायच्या आत उरकायचा असतो.

तो चढ म्हणजे तीनेक तास. अवघड नाही, उघडा आहे. डोंगराच्या कुशीतून वाट, एका बाजूला दरी, खाली नदी बारीक होत जाते आणि मधूनच रेल्वेचा भोंगा थेट वरपर्यंत येतो. आमच्या गाइडने पहिल्या वळणावर थांबवून कोकाची तीन पानं हातात दिली, पंख्यासारखी धरायला सांगितली, समोरच्या शिखरांच्या दिशेने त्यांवर फुंकर घातली आणि ती दगडाखाली ठेवून निघाला. पर्यटकांसाठी केलेला प्रकार वाटला मला. नंतर प्रत्येक अवशेषापाशी, कुणी बघत नसतानाही, तो हे करताना दिसला तेव्हा तो विचार गळून पडला.

आणि मग विन्याय वायना. २,६५० मीटर. ज्याच्यासाठी हा धागा काढला ते हे ठिकाण. एका धबधब्याजवळून वळसा घेतला की सबंध डोंगरउतार बाकदार पायऱ्यांच्या शेतांनी कापलेला दिसतो. खालच्या टोकाला घरांची वस्ती, वरच्या टोकाला गोलसर भिंतीची इमारत, आणि दोघांना जोडणारा दगडी जिना. जिन्याच्या कडेने एकाखाली एक कुंडं उतरत जातात. वरच्यातलं पाणी पन्हाळीतून खालच्यात. घरांची छपरं गेली, पण भिंतींच्या त्रिकोणी माथ्यांवर बाहेर आलेले गोल दगडी खुंटे तसेच आहेत. गवती छप्पर त्यांना दोरांनी बांधत. त्यातल्या एका खुंट्यावर शेवाळ साचून आत इवलंसं ऑर्किड फुललं होतं, नखाएवढं. आमच्या गटाखेरीज तिथे चार-पाचच माणसं. रेल्वे किंवा बसने येणाऱ्याला हे ठिकाण दिसतच नाही. इथे यायला चालण्याशिवाय मार्ग नाही. माझ्या मते पैसे या तासाभरासाठी मोजायचे असतात. माचू पिचू नंतर आहेच.

जेवण करून पुढे तास-दीड तास ढगाळ जंगलातून बरीचशी सपाट वाट. शेवटी जवळजवळ उभ्या पायऱ्यांचा एक टप्पा, जो लोक सर्रास हात टेकून चढतात, आणि लगेच इंती पुंकू, सूर्याचं दार. दुपार कलताना आम्ही तिथे होतो. समोर खाली सगळं शहर. तिथून पाऊण तासाची फरसबंद उतरण. पहिल्या दिवशी वरच्या बाजूने फोटो काढून बाहेर पडायचं. आतल्या भागात फिरायचं ते दुसऱ्या दिवशी.

विचारा काय विचारायचं ते. फोटो रात्री टाकते.

सांदण

वर्णन झकास. पण जरा खडूस प्रश्न विचारतो, रागावू नका. दहा-बारा किलोमीटरच्या वाटेला गाइड सक्तीचा, परवाना सक्तीचा, आणि माणशी पाचशे-सहाशे डॉलर! आपण राजमाचीला लोणावळ्याहून त्याहून जास्त चालतो आणि वडापावचा खर्च करतो. रेल्वेने आग्वास का काय त्या गावी जाऊन बसने वर गेलं तर बिघडतं काय?

डोंगरवेडी

सांदण, रागावत नाही, हा प्रश्न नवऱ्याने घरीच विचारून झाला होता. :)

त्या रकमेत परवाना, दोन्ही बाजूंची रेल्वे, माचू पिचूचं दोन्ही दिवसांचं तिकीट, बस, एक रात्र हॉटेल आणि गाइड असं सगळं येतं. स्वतः गेलात तरी रेल्वे, बस आणि तिकीट टळत नाही, आणि तिथली रेल्वे महाग आहे. तेव्हा चालण्याचा म्हणून जादा खर्च वाटतो तेवढा नाही. पण कंपन्यांचे भाव एकमेकांशी जुळत नाहीत. काय-काय धरलंय ते लिहून घ्या.

आणि बसने जाण्यात बिघडत काहीच नाही. बहुतेक जग तसंच जातं.

चढउतार

सांदण, गाइडची सक्ती पूर्वी नव्हती. २००१पर्यंत इंका ट्रेलवर कुणीही आपला तंबू पाठीवर टाकून जाऊ शकत होतं. परिणाम तुम्हाला ओळखीचाच: कचरा, अवशेषांत चुली, झिजलेल्या पायऱ्या. त्यानंतर परवानाधारक संस्थेबरोबरच जायचं, मोठ्या ट्रेलवर रोज गाइड-हमाल धरून ५००च माणसं, असे नियम आले. हमालाच्या पाठीवर किती वजन द्यायचं त्यालाही २० किलोची मर्यादा आली, आणि चौकीवर वजनकाटा लावून मोजतात. आधी त्या लोकांच्या पाठीवर काय लादत होते ते तिथल्या म्हाताऱ्या हमालांकडून ऐकलंय, लिहवत नाही. शनिवारी रात्री हरिश्चंद्रगडावर किती तंबू असतात ते आठवा आणि मग सक्तीबद्दल बोलू.

मी मोठा ट्रेल केलाय, तेव्हा त्याचीही बाजू मांडतो. रुंकुराकाय, सायाकमार्का, फुयुपातामार्का ही ठाणी छोट्या ट्रेलवाल्यांना दिसत नाहीत. उजाड पठार, खिंड, मग ढगांचं जंगल असा डोंगर बदलत जातो, तीही मजा त्यांच्या वाट्याला येत नाही. विन्याय वायनाला दोन्ही वाटा एक होतात.

मात्र एक गोष्ट छोट्या ट्रेलच्या बाजूची, प्रामाणिकपणे सांगतो. आम्हाला शेवटच्या दिवशी रात्रीच उठवून चौकीच्या फाटकापाशी रांगेत बसवलं. साडेपाचच्या सुमारास फाटक उघडलं की अंधारात सगळे धावत सुटतात. इंती पुंकूला पोचलो तर समोर पांढरा पडदा. तासभर थांबलो, एक भिंत दिसली. तुम्ही दुपारी पोचता, तोवर धुकं बहुधा उठलेलं असतं.

मोगरा

अगं डोंगरवेडी, आईला घेऊन जायचा विचार आहे. वय सहासष्ट, रोज पाच किलोमीटर चालते, पण उतरताना गुडघा कुरकुरतो. जमेल का? आणि विरळ हवेचं काय?

डोंगरवेडी

मोगरा, दोन वेगवेगळे प्रश्न आहेत.

विरळ हवेचं आधी. गंमत अशी की हा ट्रेल कुस्कोपेक्षा बराच खाली आहे. सगळ्यात उंच जागा २,७०० मीटरच्या थोडी वर. त्रास होतो तो कुस्कोत, कारण लिमाहून, म्हणजे समुद्रकाठावरून, सव्वा-दीड तासात विमान तुम्हाला ३,४०० मीटरवर आणून सोडतं. आपलं कळसूबाई १,६४६! म्हणून कुस्कोला उतरल्या दिवशी तिथे मुक्कामच करू नका. विमानतळावरून गाडी करून थेट खाली उरुबांबाच्या खोऱ्यात जा, ओलांतायतांबोला दोन-तीन रात्री काढा, ट्रेल करा आणि कुस्को शेवटी ठेवा. पहिल्या दिवशी जड जेवण नको, पाणी भरपूर. डायमॉक्स (विरळ हवेच्या त्रासावरची गोळी) घ्यायची का ते डॉक्टरांना विचारा. सल्फाची अ‍ॅलर्जी असेल तर आवर्जून सांगा.

गुडघ्याचं मात्र स्पष्ट बोलते. चढ जमेल त्यांना. पण पायऱ्या इंकांनी स्वतःच्या पायांसाठी बांधल्यात, एक वीतभर उंच तर पुढची गुडघ्याएवढी. वाटेत घोडा-खेचर नाही, मधेच गाडी पकडायची सोय नाही. इंती पुंकूनंतरची उतरण दमलेल्या पायांवर येते. काठीला रबरी टोपण हवंच, नाहीतर चौकीवर अडवतात. आईंना राजगड, पाली दरवाजाने, चढवून-उतरवून बघ. दुसऱ्या दिवशी जिना उतरताना तोंड वाकडं झालं नाही तर परवाना काढ.

मोगरा

पाली दरवाजा! विचारते. आणि नाहीच जमलं तर?

चढउतार

मग आईंना बसने वर न्या. माचू पिचूच्या आतून इंती पुंकूपर्यंत चढून परत यायचं वेगळं तिकीट असतं, पण ते हंगामातच मिळतं, वर्षभर नाही. २०२४च्या जूनपासून आत फिरायचे तीन मुख्य मार्ग आणि त्यांचे दहा उपमार्ग केलेत. एका तिकिटावर एकच मार्ग. ते विकणारे "सगळं दिसतं हो" म्हणतात, दिसत नाही. तिकीट काढण्याआधी कुठला मार्ग ते बघा. आणि महत्त्वाचं: आत स्वच्छतागृह नाही, बाहेर फाटकापाशी आहे, पैसे देऊन. एकदा बाहेर पडलात की त्याच तिकिटावर परत आत नाही. ज्येष्ठांबरोबर जाणाऱ्यांनी याचा विचार आधी करावा.

वरणभात

माझा ठरलेला प्रश्न. शाकाहारी माणूस जगतो का तिथे?

डोंगरवेडी

हाहा, वाटच बघत होते.

जगतो, आणि मजेत. किन्वाचं सूप सगळीकडे. ओलांतायतांबोच्या चौकात टपोऱ्या दाण्यांचं उकडलेलं कणीस आणि चीजचा मोठा तुकडा, एवढंच, पण पोट भरतं. बटाट्यावर पिवळ्या मिरचीचा आणि चीजचा रस्सा घालून देतात, पापा आ ला वांकाइना, तो जरूर खा. स्पॅनिशमध्ये "सिन कार्ने" (मांस नको) एवढंच म्हणून थांबू नका. कार्ने म्हटलं की बऱ्याच जणांच्या डोळ्यांसमोर लाल मांस येतं, कोंबडी त्यात धरत नाहीत. "सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो" (मांस नको, कोंबडी नको, मासे नको) असा पूर्ण मंत्र म्हणायचा. ट्रेलवरच्या डब्याचं कंपनीला आधी सांगितलं तर व्यवस्थित देतात. आम्हाला किन्वाची कोशिंबीर, अवोकाडो आणि केळं होतं.

बाकी मेन्यूवर "कुय" दिसलं तर तो गिनीपिग. बघवत नसेल तर बाजाराच्या त्या टोकाला जाऊ नका.

आजी_ऑनलाइन

वरणभात यांना एक सांगू का? तुमच्या एकादशीचं सगळं तिकडूनच आलंय. बटाटा तिथला, शेंगदाणा दक्षिण अमेरिकेतला, मिरची अमेरिका खंडातली, आणि साबुदाणा ज्या कंदाचा करतात तो टॅपिओकाही दक्षिण अमेरिकेतला. पोर्तुगीज येण्याआधी आषाढीला काय खात असतील याचा विचार मी दरवर्षी खिचडी परतताना करते. लेकीने कुस्कोहून लाह्यांच्या वड्या आणल्या होत्या, किविचा म्हणे. तोंडात टाकली आणि म्हटलं, अगं, हा तर राजगिरा! इंकांच्या देशातला राजगिरा उपासाला चालतो, हे मी माझ्यापुरतं ठरवून टाकलंय.

वरणभात

आजी, दंडवत. _/\_ आता पेरूला गेलो की रोज एकादशी.

शिकागोकर

अमेरिकेत राहणाऱ्यांसाठी एक सूचना. कुस्कोतल्या हॉटेलांत सकाळ-संध्याकाळ कोकाचा चहा ठेवलेला असतो, तिथे तो पूर्ण कायदेशीर आहे आणि बरंही वाटतं. पण कोकेनची चाचणी त्याने सकारात्मक येऊ शकते. नवी नोकरी लागणार असेल, लघवीची तपासणी असेल, तर मोह टाळा. आणि त्या चहाच्या पुड्या "आठवण" म्हणून बॅगेत टाकून अमेरिकेत आणू नका, इथे बेकायदा आहे. मी पुदिन्यासारख्या मुन्याच्या चहावर भागवलं.

निवांत_काका

मी पुण्यात असतो, भारतीय पासपोर्ट. पेरूचा व्हिसा किती कटकटीचा? आणि मुलगा म्हणतो परत येताना मुंबईला पिवळ्या तापाचा दाखला लागतो. खरं का?

शिकागोकर

काका, तुमच्याकडे अमेरिका, कॅनडा, ब्रिटन, ऑस्ट्रेलिया किंवा शेंगेनचा किमान सहा महिने वैध असलेला व्हिसा असेल तर भारतीयांना पर्यटनासाठी पेरूचा वेगळा व्हिसा लागत नाही. यातला कुठलाच नसेल तर दिल्लीच्या वकिलातीतून काढावा लागेल. निघण्याआधी वकिलातीच्या संकेतस्थळावर एकदा खात्री करा, नियम बदलायला वेळ लागत नाही.

डोंगरवेडी

आणि काका, मुलगा बरोबर सांगतोय. भारताच्या यादीत पेरू पिवळ्या तापाच्या देशांत आहे. तिथून निघाल्यापासून सहा दिवसांच्या आत भारतात उतरलात आणि दाखला नसेल तर विलगीकरणात ठेवू शकतात. तुम्ही कुस्कोतच होतात, ॲमेझॉनकडे फिरकलाही नाहीत, हे तिथे कुणी ऐकून घेत नाही. लस किमान दहा दिवस आधी, सरकारमान्य केंद्रावरच, आणि दाखल्याचं पिवळं पुस्तक पासपोर्टबरोबर. साठीच्या पुढच्यांना ही लस द्यायची की नाही ते डॉक्टर बघून ठरवतात, त्यामुळे शेवटच्या आठवड्यावर ढकलू नका. पुण्या-मुंबईच्या केंद्रांवर ठरलेले वार असतात, आधी फोन करून जा.

इतिहासाचे_पान

धागा छान चाललाय. एक मुद्दा राहिला: "हायरम बिंगहॅमने १९११ साली शोध लावला" हे वाक्य अजून कुणी लिहिलं नाही याबद्दल अभिनंदन. :)

२४ जुलै १९११ला हा अमेरिकी संशोधक माचू पिचूला पोचला तो मेल्चोर आर्तेआगा या स्थानिक शेतकऱ्याच्या मागून. वर पोचला तर काय, शेतकरी कुटुंबं राहत होती, त्या पायऱ्यांच्या शेतांवर पीक घेत होती, आणि त्यांच्यातल्या एका पोराने त्याला अवशेष दाखवले. भिंतीवर कोळशाने लिहिलेलं नावही त्याला दिसलं, लिसारागा, १९०२. आगुस्तीन लिसारागा, त्याच खोऱ्यातला. बिंगहॅमने ते आपल्या वहीत नोंदवलं आणि पुढे त्याचा उल्लेख पातळ होत गेला. बिंगहॅमचं मोठेपण नाकारायचं कारण नाही: त्याने जागा साफ केली, मोजली, फोटो काढले, नॅशनल जिओग्राफिकने एप्रिल १९१३चा अंक त्यालाच वाहिला. पण इंकांचं शेवटचं आश्रयस्थान विल्काबांबा ते हेच, असं तो शेवटपर्यंत मानत राहिला. ते निघालं एस्पिरितू पांपाला, खाली जंगलात, जिथे तो स्वतः जाऊन आला होता.

त्याने येल विद्यापीठात नेलेल्या वस्तू शंभर वर्षांनी, २०११-१२मध्ये परत आल्या. कुस्कोत कासा कोंचा नावाच्या जुन्या वाड्यात मांडल्यात. ट्रेल करून परतल्यावर तिथे जा. आधी गेलात तर नुसती भांडी दिसतील.

सांदण

हे आवडलं. मग बांधलं कधी? कुणी १४५० म्हणतं.

इतिहासाचे_पान

स्पॅनिश कागदपत्रांवरून पाचाकुती या इंका सम्राटाच्या राज्यारोहणाचं साल धरत, त्यावरून १४५०च्या आसपास असं मानत. २०२१मध्ये पुरातत्त्वज्ञ रिचर्ड बर्गर आणि सहकाऱ्यांनी तिथल्या सांगाड्यांचं कार्बनमापन प्रसिद्ध केलं, त्यावरून वस्ती १४२०च्या सुमारास सुरू झालेली आणि १५३०पर्यंत टिकलेली दिसते. म्हणजे जेमतेम शंभर-सव्वाशे वर्षांचा संसार. "प्राचीन" म्हणून आपण जे बघायला जातो ते आपल्या बहमनी काळातलं आहे. अजिंठा त्याच्या कितीतरी आधीचा.

गवंडी_नंबर_१

मी स्थापत्य अभियंता, म्हणून थोडं जमिनीखालचं. सगळे भिंतींचे सांधे बघतात, सुरी जात नाही वगैरे. मला तिथे जास्त थक्क केलं ते पाण्याने. दोन भ्रंशरेषांच्या मध्ये, डोंगराच्या खोगिरावर, वर्षाला दोन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस. महाबळेश्वरवाल्यांना हा आकडा किरकोळ वाटेल, पण एवढ्या उतारावर पायाखालची माती सरकायला तेवढा पुरतो. केनेथ राइट नावाच्या अमेरिकी जलअभियंत्याने १९९४पासून याचा अभ्यास केला. त्याच्या अंदाजाने तिथलं साठ टक्के बांधकाम जमिनीखाली आहे: पाया आणि निचरा. डोंगरातल्या झऱ्यावरून ७४९ मीटरचा दगडी पाट आणलाय, आणि तो एकापाठोपाठ सोळा कुंडांत उतरतो. पहिलं कुंड राजाच्या निवासाजवळ, म्हणजे पाणी सर्वांत आधी त्याला.

पायऱ्यांची शेतंही नुसती शेती नव्हे. तळाला मोठे दगड, वर खडी, वर वाळूमिश्रित माती, आणि मग पिकाची माती. पाऊस पडला की जिरतो आणि भिंत न ढकलता खाली निघून जातो. पाचशे वर्षं भिंती उभ्या आहेत त्या यामुळे. आमच्या सोसायटीची तीन वर्षांपूर्वीची संरक्षक भिंत गेल्या जुलैत पोटातून फुगली, कारण तिला पाणी जायला एकही भोक नाही.

डोंगरवेडी, विन्याय वायनाला शेतांच्या भिंतीत बाहेर आलेले पायरीदगड दिसले का? एका शेतातून वरच्या शेतात जायला.

डोंगरवेडी

दिसले! भिंतीतून तिरके बाहेर आलेले चार-चार सपाट दगड, मधे हवा. नवऱ्याने पाय ठेवायला घेतला आणि गाइडने शिट्टी वाजवली. चढायला मनाई आहे, बरोबरच आहे.

गवंडी_नंबर_१

शिट्टी हवीच. २०००मध्ये एका बिअरच्या जाहिरातीच्या चित्रीकरणात क्रेनचा भाग आदळून माचू पिचूतल्या इंतीवाताना या कोरीव दगडाचा कोपरा उडाला. पाचशे वर्षं टिकलेला.

झुळूक

आम्ही जानेवारीत जायचं म्हणतोय, मुलांच्या शाळेमुळे त्याच्या आत सुट्टी नाही. ठीक आहे का?

चढउतार

नोव्हेंबर ते मार्च पाऊस, त्यात जानेवारी-फेब्रुवारी सगळ्यात जास्त. फेब्रुवारीत मोठा ट्रेल दुरुस्तीसाठी बंदच असतो. छोट्याचं त्या-त्या वर्षी विचारा. जानेवारीत वाट हिरवीगार, ऑर्किडं भरपूर, गर्दी कमी, पण दगड निसरडे आणि रेल्वेवर दरड यायची शक्यता. जानेवारी २०१०मध्ये नदीने रूळ वाहून नेले आणि अडकलेल्या पर्यटकांना हेलिकॉप्टरने काढावं लागलं. जानेवारी २०२३मध्ये पाऊस नव्हे, राजकीय निदर्शनं. माचू पिचू बंद झालं ते फेब्रुवारीच्या मध्यात उघडलं. त्यामुळे माचू पिचू सहलीच्या शेवटच्या दिवशी ठेवून त्याच रात्रीचं परतीचं विमान पकडू नका. मधे एक-दोन रिकामे दिवस असू द्या. रद्द झालं तर परवान्याचे पैसे कोण देणार, हे कंपनीकडून लेखी घ्या. माझ्या एका मित्राला याच बाबतीत एका कंपनीने बरंच लटकवलं.

बरोबर काय: रेनकोट असा की जो पाठपिशवीवरूनही जाईल, टोपी, डासांचा मलम (विन्याय वायनापाशी पोटऱ्यांना चावणाऱ्या बारीक माश्या असतात, दोन दिवस खाज), प्लास्टिकची नव्हे तर स्टीलची पाण्याची बाटली. मोठी बॅग कुस्को किंवा ओलांतायतांबोच्या हॉटेलात ठेवा, रेल्वेत छोटीच घेऊ देतात.

झुळूक

धन्यवाद! मग मे महिन्याचं बघते. परवाने कधी सुटतात?

डोंगरवेडी

साधारण आदल्या वर्षाच्या शेवटी खुले होतात. मे ते ऑगस्टच्या तारखा काही महिने आधीच संपतात. २४ जूनला कुस्कोत इंती रायमी, सूर्याचा उत्सव असतो. त्या आठवड्याचं हॉटेलही मिळत नाही. स्वतः ऑनलाइन परवाना काढता येत नाही, नोंदणीकृत कंपनीमार्फतच. आणि तो दुसऱ्याच्या नावावर होत नाही, तारीखही बदलत नाही.

निवांत_काका

यावरून शेवटची शंका. माझा पासपोर्ट मार्चमध्ये संपतोय. परवाना आत्ता जुन्या क्रमांकावर काढला आणि नंतर नवा पासपोर्ट आला, तर चौकीवर अडवतील का? शिवाय माझ्या पासपोर्टवर आडनावाचा रकाना रिकामा आहे, पूर्ण नाव एकाच ओळीत छापलंय.

शिकागोकर

काका, जमत असेल तर आधी नूतनीकरण करून घ्या आणि नव्या क्रमांकावरच परवाना काढा, सगळ्यात सोपं. व्हिसा जुन्या पासपोर्टात असेल तर तो जपून ठेवा, कोपरा कापून परत देतात.

डोंगरवेडी

हो, नूतनीकरण आधी. तारीख हातची जाईल म्हणून आत्ताच काढायचा झाला तर कंपनीला कळवून ठेवा, आणि चौकीवर जुना-नवा दोन्ही पासपोर्ट घेऊन जा.

नावाचं: कंपनीच्या अर्जात नाव आणि आडनाव दोन्ही सक्तीचे असतात, मग कुणी "काका" टाकतं, कुणी टिंब. तुम्ही अर्ज भरूच नका; पासपोर्टच्या पानाचा स्वच्छ फोटो पाठवा, परवाना आला की त्यावरची ओळ पासपोर्टशी ताडून बघा आणि फरक असेल तर त्याच दिवशी मेल करा. रेल्वेच्या तिकिटावरही तेच नाव हवं, ते वेगळं तपासा.

फोटो वर टाकलेत. ऑर्किडचा तिसरा आहे.